सोमनाथपूरचं कणीस, अजिंठ्याचं सीताफळ आणि एक जळकी बी

प्रश्न थोडक्यात असा आहे : एका निवृत्त इतिहासकाराच्या व्याख्यानात ऐकलं, की कोलंबसच्या कितीतरी आधी भारतीय दर्यावर्दी अमेरिकेला जाऊन आले होते. पुरावे तीन दिले. सोमनाथपूरच्या देवळातल्या मूर्तींच्या हातात मक्याची कणसं आहेत, भारहुत आणि अजिंठ्याला सीताफळ आहे, आणि मेक्सिकोतला पाटोली नावाचा खेळ म्हणजे आपली पचिसीच. यात तथ्य किती?

आधी माझा धंदा सांगतो, म्हणजे माझा कल कुठे आहे ते कळेल. उत्खननातली माती पाण्यात कालवायची, तरंगून वर आलेलं बारीक जाळीवर धरायचं, सावलीत वाळवायचं आणि सूक्ष्मदर्शकाखाली एकेक जळका दाणा वेगळा करायचा, हे मी तीसेक वर्षं करतो आहे. राजे, लढाया, शिलालेख यांतलं मला फारसं कळत नाही. लोकांच्या चुलीत काय पडलं आणि उकिरड्यावर काय गेलं, एवढंच कळतं. त्यामुळे कोणी मला देवळाच्या भिंतीवरचं कणीस दाखवलं, की माझा पहिला प्रश्न असतो : बुरकुंड कुठे आहे?

मका हे फार गबाळं पीक आहे. दाणे काढले की बुरकुंड उरतं. ते गुरांना जातं, नाहीतर चुलीत. चुलीत गेलेलं सगळंच राख होत नाही, काही कोळसा होऊन टिकतं. बुरकुंडावर दाणे जिथे बसतात त्या कठीण खोबणी जळूनही ओळखू येतात. मक्याचा परागकण गवतवर्गात अवाढव्य म्हणावा असा, जवळपास एक दशांश मिलिमीटरचा. शिवाय पानांत आणि बुरकुंडात सिलिकाचे सूक्ष्म कण असतात, ते मातीत हजारो वर्षं टिकतात. अमेरिकेत जिथे जिथे मका होता, तिथल्या कचऱ्यात हे सगळं मिळतं. आता सोमनाथपूरचा दावा खरा मानायचा, तर तेराव्या शतकात दक्षिण कर्नाटकात मका इतका ओळखीचा होता, की शिल्पकारांनी तो मूर्तीमागून मूर्तीच्या हातात दिला. मग त्या काळच्या वस्त्यांत, खळ्यांत, उकिरड्यांत तो पसरलेला हवा. देवळात आहे आणि घरात नाही, असं पीक मी पाहिलेलं नाही.

तरीही हा दावा टाकाऊ म्हणून उडवून लावण्यासारखा नव्हता. 1989 साली अमेरिकेतले भूगोलतज्ज्ञ कार्ल जोहानेसन यांनी अ‍ॅन पार्कर यांच्यासोबत होयसळ राजांच्या काळातल्या देवळांतल्या (सोमनाथपूरचं देऊळ त्यांतलंच) या ‘कणसां’वर सविस्तर लेख लिहिला. त्यांनी लांबी-जाडीचं प्रमाण मोजलं, दाण्यांच्या ओळी पाहिल्या, दाण्यांचा आकार पाहिला आणि म्हटलं, की इतका तपशील समोर खरं कणीस असल्याशिवाय येणार नाही. माणूस कष्टाळू होता, हे मान्य करायला हवं. पण प्रतिवादही तितकाच तयारीचा आला. दिल्लीच्या भारतीय कृषी संशोधन संस्थेतल्या पायक आणि सचान या मक्याच्या अभ्यासकांनी 1993 मध्ये त्याच नियतकालिकात उत्तर दिलं, की हे कणीस नसून ‘मुक्ताफळ’ आहे, म्हणजे मोत्यांनी मढवलेलं एक काल्पनिक फळ. हे मक्यात आयुष्य घालवलेल्या माणसांनी म्हटलं, याला माझ्या लेखी वजन आहे.

माझं मतही त्यांच्याच बाजूला झुकतं, पण कारण थोडं वेगळं आहे. होयसळांचा दगड मऊ. खाणीतून काढल्यावर तो जवळजवळ लाकडासारखा कोरता येतो आणि हवेवर हळूहळू कठीण होतो. त्यामुळे तिथल्या शिल्पकारांना बारीक मण्यांचा सोसच होता. मुकुटावर मणी, मेखलेवर मणी, बाजूबंदावर मणी, तोरणावर मणी. त्या गर्दीत लांबट गोल फळावर मण्यांच्या ओळी दिसल्या, तर मला अमेरिका आठवत नाही, शेजारची मेखला दिसते.

वाङ्मयाची साक्षही याच बाजूची आहे. होयसळांच्या शेजारी कल्याणीचे चालुक्य होते. त्यांचा राजा तिसरा सोमेश्वर याने बाराव्या शतकात ‘मानसोल्लास’ रचला. त्यात खाण्यापिण्यावर चवीचवीनं लिहिलं आहे : भात, गहू, डाळी, नाना प्रकारचं मांस, मिरी, हिंग. मक्याचं नाव नाही. एखाद्या ग्रंथात नाव नसणं हा एरवी दुबळा पुरावा, पण स्वयंपाकाचा एवढा शौक असलेल्या राजाच्या पुस्तकात नसणं हा थोडा सबळ.

आता सीताफळ. हे प्रकरण मला जास्त छळतं. मध्य प्रदेशातल्या भारहुतच्या बौद्ध स्तूपावरच्या शिल्पात सीताफळ आहे असं पुरातत्त्वज्ञ अलेक्झांडर कनिंगहॅम यांनी एकोणिसाव्या शतकातच म्हटलं होतं, आणि अजिंठ्याच्या चित्रांबद्दलही तसं तेव्हापासून बोललं जातं. चित्रातल्या खवल्याखवल्यांच्या गोल फळावर मी काहीच बांधणार नाही. फणस आहे, कमळाचा दोडा आहे, कलावंताचा हात आहे. ‘नावात सीता आहे, म्हणजे फळ रामायणाइतकं जुनं’ हा युक्तिवाद तर सोडूनच द्या. त्याच कुळातलं रामफळही अमेरिकेचंच. आपल्याकडे परकं फळ आलं की दोन पिढ्यांत त्याचं बारसं होतं आणि तिसऱ्या पिढीला ते वनवासातलं वाटू लागतं.

याचा सगळ्यात गमतीदार नमुना म्हणजे उपासाचं ताट. साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो कसावा दक्षिण अमेरिकेतला. शेंगदाणा तिथलाच. बटाटा तिथलाच, नावही पोर्तुगिजांच्या तोंडून आलेलं. रताळं अमेरिकेचं. राजगिरा अमेरिकेचा, अ‍ॅझ्टेक लोकांचं ते मोठं धान्य. हिरवी मिरची अमेरिकेची. वरई आणि शिंगाडा सोडले, तर आषाढी एकादशीला आपण जवळपास अमेरिकी जेवण जेवतो, आणि तेही ‘परंपरेनं चालत आलेलं’ म्हणून. दसऱ्याचा झेंडू मेक्सिकोचा. तिकडे मृतांच्या सणाला झेंडूचे ढीग लावतात आणि इकडे दाराला झेंडूचं तोरण, हे पाहून एका उत्साही गृहस्थांनी मला प्राचीन संबंधांचं अख्खं टिपण पाठवलं होतं. झेंडू इथे आला तो युरोपीय जहाजं अमेरिकेला जाऊ लागल्यावर. आपण त्याला दारात बसवलं, एवढंच.

पण छळतं म्हटलं ते वेगळ्या कारणासाठी. 2009 साली भारतीय संशोधकांच्या एका गटानं उत्तर प्रदेशातल्या मिर्झापूर जिल्ह्यातल्या टोकवा इथून मिळालेल्या सीताफळाच्या जळक्या बीबद्दल लेख प्रसिद्ध केला. सोबतच्या कोळशाचं आणि खुद्द बीचंही कार्बन-14 मापन (वस्तूचं वय काढायची पद्धत) केलं होतं, आणि तारखा कोलंबसच्या कितीतरी आधीच्या होत्या. हा चित्रातला पुरावा नाही, हा माझ्या धंद्यातला पुरावा आहे. त्यामुळे ‘काहीतरीच!’ म्हणून मी बाजूला करू शकत नाही. तुमच्या व्याख्यात्यांनी मूर्तींऐवजी ही बी पुढे केली असती, तर त्यांचं पारडं कितीतरी जड झालं असतं.

मग मी का मानत नाही? दोन अडचणी आहेत. पहिली ओळख पटवण्याची. जळलेली बी फुगते, आक्रसते, साल उडते. नाचणीचंच घ्या. भारतात फार जुन्या काळी नाचणी सापडल्याच्या ज्या नोंदी होत्या, त्यांतल्या बऱ्याच पुन्हा तपासल्यावर सावा-वरईसारख्या देशी बारीक धान्यांच्या निघाल्या. त्या चुका करणारे कच्चे नव्हते, आमच्याच विद्येतले मुरलेले लोक होते. दुसरी अडचण साखळीची. सीताफळाचं झाड दगडधोंड्यांत, माळावर, कुठेही वाढतं, बी उदंड देतं, माकडं आणि वटवाघळं ती पसरवतात. एकदा आलं की ते हटत नाही. हे झाड गंगेच्या खोऱ्यात दोन-तीन हजार वर्षं असेल, तर बिया शेकडो उत्खननांत, थरामागून थरांत यायला हव्यात. इकडेतिकडे तुरळक दाव्यांपुरत्या येऊन चालणार नाही.

थरांचंही एक सांगतो. आपल्याकडची काळी माती उन्हाळ्यात हात जाईल इतकी भेगाळते. वरची बी त्या भेगेतून खाली जाते, पावसात भेग मिटते आणि बी तीन हजार वर्षांपूर्वीच्या थरात जाऊन बसते. वर उंदीर आहेत, मुंग्या आहेत, मुळं कुजून झालेल्या पोकळ्या आहेत. माझ्या उमेदीच्या काळात एका ताम्रपाषाणयुगीन थरातून मला मिरचीची बी मिळाली होती. रात्रभर झोप नाही. सकाळी गुरूंनी ती चिमट्यात धरली, उजेडात फिरवली आणि विचारलं, ‘काल दुपारच्या डब्यात ठेचा होता का रे?’ होता. ती बी जळलेलीसुद्धा नव्हती. म्हणून आम्ही आता थराच्या तारखेवर भागवत नाही, दाण्याचीच तारीख काढतो. टोकव्याच्या संशोधकांनी ते केलं, म्हणूनच मी त्यांच्याबद्दल आदरानं बोलतो आहे.

पचिसीबद्दल फार लिहीत नाही. एडवर्ड टायलर या नामांकित मानववंशशास्त्रज्ञानं 1879 मध्येच पाटोली आणि पचिसी यांचं साम्य मांडून आशियाई उगम सुचवला होता, तेव्हा कल्पना जुनी आणि प्रतिष्ठित आहे. दोन्हीकडे फुलीच्या आकाराचा पट आहे, दोन्हीकडे दान टाकून सोंगट्या पुढे न्यायच्या असतात. पण आपल्याकडे कवड्या आणि तिकडे खुणा केलेल्या शेंगबिया. उताणी-पालथी पडणारी वस्तू टाकून घरं मोजायची, ही कल्पना सुचायला समुद्र ओलांडायची गरज नाही. फुलीचा पटही माणसाला चार दिशा माहीत आहेत एवढ्यावर सुचतो.

आता दुसरी बाजू, कारण ‘प्राचीन काळी खंडाखंडांत संबंध नव्हते’ असं मी म्हणतो आहे असा समज झाला तर तो माझ्यावर अन्याय होईल. संबंध होते आणि भरपूर होते. तुमच्या ताटातली ज्वारीची भाकरी आफ्रिकेची आहे. ज्वारीचे सगळ्यात जुने पुरावे पूर्व सुदानमधले, बाजरीचे पश्चिम आफ्रिकेत मालीमधले. नाचणी पूर्व आफ्रिकेच्या डोंगराळ भागातली, चवळी आफ्रिकेची. ही पिकं इसवी सनापूर्वी 2000 च्या सुमारास आणि त्यानंतर टप्प्याटप्प्यानं भारतात आली. कुणी आणली? नाव नाही, राजा नाही, ताम्रपट नाही. अरबस्तानच्या किनाऱ्यानं होड्या हाकणारे कोळी, किरकोळ व्यापारी, शिधा म्हणून घेतलेलं पोतं आणि त्यातलं उरलेलं बियाणं, असंच काहीतरी. उलट दिशेनं आपली वशिंडाची गुरं तिकडे गेली. इजिप्तच्या दुसऱ्या रामसेसच्या ममीच्या नाकपुड्यांत काळी मिरी सापडली. हा राजा इ.स.पू. 1213 मध्ये वारला. मिरी दक्षिण भारताखेरीज तेव्हा कुठली असणार?

पुढे रोमन काळात तर हा व्यापार उघड दिसतो. तांबड्या समुद्रावरच्या बेरेनिके बंदरात एका देवळाच्या आवारात भारतीय घडणीच्या रांजणात साडेसात किलो काळी मिरी निघाली. ‘पेरिप्लस’ या ग्रीक नाविकाच्या टिपणात पैठण, तेर आणि कल्याण ही नावं आहेत. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरीत पोसायडनची ब्राँझची मूर्ती मिळाली. खरा संबंध असा असतो : दोन्ही टोकांना वस्तू, मधल्या बंदरांत वस्तू, कागदोपत्री नोंद आणि कचरा. भव्य काही नाही.

अटलांटिकपलीकडेही कोलंबसच्या आधी माणसं गेली. नॉर्स लोक, म्हणजे उत्तर युरोपातले दर्यावर्दी, गेले, हे आता वादातीत आहे. हेल्गे आणि आने स्टीने इंगस्टा या नॉर्वेजियन दांपत्याला 1960 मध्ये कॅनडाच्या न्यूफाउंडलंडमध्ये लान्स-ओ-मेडोज इथे त्यांची वस्ती सापडली. तिथे काय मिळालं? लोखंडाची मळी, ब्राँझची एक टाचणी, सूत कातायच्या चातीची चकती. माझ्या आवडीची गोष्ट म्हणजे पांढऱ्या अक्रोडाची फळं. ते झाड इतक्या उत्तरेला वाढत नाही, म्हणजे ही मंडळी तिथून आणखी दक्षिणेला जाऊन आली होती. 993 साली सूर्यावरच्या एका मोठ्या उद्रेकामुळे झाडांच्या वर्षवलयांत कार्बन-14 ची एक खूण उमटली आहे. तिथल्या तोडलेल्या लाकडांत ती खूण शोधून पुढची वलयं मोजली, तेव्हा लाकूड 1021 मध्ये तोडल्याचं निघालं. शतक नाही, दशक नाही, साल! आणि ही वस्ती केवढी? मोजकी घरं, थोड्या वर्षांचा मुक्काम. एवढ्याशा मुक्कामाचा इतका माग राहतो, हे लक्षात ठेवून मग भारतीय जहाजांच्या ताफ्यांबद्दल बोलावं.

पॅसिफिकची गोष्ट आणखी शिकवणारी. थोर हेयरडाल या नॉर्वेजियन माणसाचं म्हणणं होतं, की पॉलिनेशियाची बेटं दक्षिण अमेरिकेतून वसली. ते पटवायला 1947 मध्ये पाच साथीदारांसह तो बाल्सा लाकडाच्या ‘कॉन-टिकी’ तराफ्यावरून पेरूहून निघाला आणि 101 दिवसांनी रारोइया बेटावर आदळला. धाडस अफाट. सिद्धान्त मात्र चुकीचा. भाषा, भांडी आणि पुढे जनुकं, सगळ्यांनी पॉलिनेशियन लोक पश्चिमेकडून, आशियाच्या बाजूनं आले हेच सांगितलं. जाता येतं हे दाखवणं वेगळं आणि गेले होते हे दाखवणं वेगळं.

पण एक रताळं उरलं होतं. अमेरिकेचं हे पीक युरोपीय जहाजं येण्याच्या कितीतरी आधी पॉलिनेशियात लागवडीत होतं. जळकी रताळी तिथल्या जुन्या थरांत मिळाली आहेत, आणि न्यूझीलंडच्या माओरींचा ‘कुमारा’ आणि अँडीजमधल्या भाषांतला ‘कुमर’ यांचं साम्य अभ्यासकांना कधीचं खुणावत होतं. 2018 मध्ये एका गटानं म्हटलं, की रताळं माणसाशिवाय, आपसूकच समुद्रापार गेलं असावं. मग 2020 मध्ये जनुकांचा मोठा अभ्यास आला. त्यात पॉलिनेशियन लोकांत अमेरिकेच्या मूळ रहिवाशांचा अंश सापडला आणि ती भेट इ.स. 1200 च्या आसपासची ठरली. म्हणजे हेयरडालचा सिद्धान्त पडला आणि त्यातली एक शंका खरी निघाली. बहुधा प्रवास त्यानं सांगितला त्याच्या उलट दिशेनं झाला असावा, कारण समुद्र कोळून प्यायलेले दर्यावर्दी पॉलिनेशियन होते.

वनस्पती माणसाशिवायही समुद्र ओलांडतात, हे मात्र विसरू नका. दुधी भोपळा आफ्रिकेतला, पण अमेरिकेत तो सुमारे 10,000 वर्षांपूर्वीही होता. पूर्वी वाटे, माणसांनी आशियातून नेला. 2014 च्या डीएनए अभ्यासात तो आफ्रिकी भोपळ्यांना जवळचा निघाला आणि अटलांटिकमधून तरंगत गेला असावा असं ठरलं. पोकळ, हलका, आत बी कोरडी. त्याला नावाडी कशाला हवा? कापसाचंही तसंच. अमेरिकी कापसात अर्धे गुणसूत्रांचे संच जुन्या जगातल्या, म्हणजे आशिया-आफ्रिकेकडच्या, कापसाचे आहेत. इंदूरला काम केलेले जोसेफ हचिन्सन आणि त्यांचे सहकारी यांनी 1947 मध्ये असं सुचवलं, की आशियाई कापूस माणसांनीच पॅसिफिकपार नेला असणार आणि तिथे संकर झाला असणार. पक्के शास्त्रज्ञ, उत्तम तर्क. पुढे कळलं, की तो संकर 10 ते 20 लाख वर्षांपूर्वीचा आहे. तेव्हा कापूस पिंजायला आपली जमातच नव्हती.

व्याख्यात्यांना पुन्हा भेटलात तर वाद घालू नका, दोन गोष्टी विचारा. ही जहाजं मका आणि सीताफळ घेऊन आली, तर तिकडे काय ठेवून आली? भात, गहू, हळद, ऊस, आंबा यांतलं काहीच कोलंबसपूर्व अमेरिकेत मिळत नाही. गाय नाही, घोडा नाही, ओझं वाहणारी गाडी नाही. देवीचा रोगही नव्हता, म्हणून तर 1520 मध्ये तो मेक्सिकोत शिरला तेव्हा माणसं किड्यामुंग्यांसारखी मेली. आणि दुसरं, जाऊन आलेल्यांनी मिरची का नाही आणली? मक्याचं बियाणं पिशवीत घालून आणणारा माणूस मिरची तिथेच ठेवून येईल, हे निदान मराठी माणसाला पटणार नाही.

सोमनाथपूर म्हैसूरपासून पस्तीसेक किलोमीटरवर आहे, सवडीनं जाऊन या. कणीस म्हणून दाखवतात त्या मूर्तीसमोर उभे राहा. दाण्यांच्या ओळी मोजता आल्या तर मोजा. खऱ्या मक्यात त्या नेहमी सम संख्येत असतात, कारण दाणे जोडीनं बसतात. मग नजर त्याच मूर्तीच्या कमरेकडे न्या, मेखलेचे मणी पाहा आणि पुन्हा हातातल्या फळाकडे या. सकाळच्या तिरप्या उन्हात कोरीव काम जास्त उठून दिसतं.